पाठीमागचा खांब

लिहिलेल्या कथांचे सगळे तेज जिच्यात उतरेल आणि जवळ येणाऱ्याच्या अंगी ते हळूहळू मुरेल अशी एक जादूची वास्तू मनात उभी करून दाखव, असे एखाद्या कल्पक माणसाला सांगितले तर तो काय उभारील? बहुधा मेघांना भिडणारा मनोरा उभारील, त्याला सहस्र गवाक्षे ठेवील, पायरीपायरीवर अक्षरे कोरील आणि रात्री त्या अक्षरांतून निळा उजेड पाझरवील. कल्पनेला खर्चाची चिंता नसते. आमच्या प्रवरेकाठच्या माणसांनी असली वास्तू खरोखरच मनात आणली तेव्हा मात्र त्यांनी कमालीची काटकसर दाखवली. त्यांनी एक खांब घेतला. जुन्या देवळाचा, देऊळ गेल्यावर मागे उरलेला, जमिनीवर जेमतेम साडेचार फूट दिसणारा दगडी खांब. मराठीतल्या सर्वांत तेजस्वी ग्रंथाचे, ज्ञानेश्वरीचे, सामर्थ्य या एवढ्याशा दगडात साठले आहे असे त्यांनी मानले, आणि पिढ्यानुपिढ्या ते तसे मानत आले. याच खांबाला टेकून ज्ञानेश्वरांनी ती सांगितली अशी त्यांची श्रद्धा. नेवाशाचा पैस खांब तो हाच.

बेलापूरकराला नेवासे परके नाही. रतनगडाच्या कुशीत जन्मलेली, भंडारदऱ्याला 1926 साली पुऱ्या झालेल्या धरणात क्षणभर थबकलेली, अकोले, संगमनेर करत उसाच्या रानांतून आलेली प्रवरा बेलापूरच्या कडेने जाते, आणि तीच पुढे खांबाच्या गावी पोचते. तिथून थोडे गेले की टोक्याला गोदावरीत मिसळते. (बेलापूर नावाचे रेल्वे स्थानक शोधत येणाऱ्याला ते श्रीरामपुरात सापडते, ही आमच्याकडची जुनी गंमत. नाव एकीकडे आणि ठिकाण जरासे दुसरीकडे, असले सरकलेले नाते पुढे आपल्या कामी येणार आहे, म्हणून आताच सांगून ठेवतो.) तर एकाच नदीच्या पाण्यावर वाढलेल्या माणसाच्या आपलेपणाने आपण हा खांब पाहू, आणि पाहू म्हणजे वाचू, कारण त्याच्याजवळ वाचण्यासारखे पुष्कळ आहे.

पहिली ओळ म्हणजे त्याचा आकार. नगर जिल्ह्याच्या 1884 च्या गॅझेटियरमध्ये या खांबाचे वर्णन आले आहे, तेही सरकारी मोजणीदाराच्या कोरड्या नजरेने: खांब जमिनीत पुरलेला, मधला भाग चौकोनी, बाकीचा गोल. एवढेच. पण या एवढ्याशा वर्णनावर आपण थोडे रेंगाळू. घडवणाऱ्याने दगड आधी चौकोनी केला असेल आणि मग वरखाली त्याचे कोन काढून तो गोल केला असेल. मधली चौकट तेवढी राखली, कारण तिथे त्याला काही लिहायचे होते. गोलाई डोळ्यांना फिरवत नेते, चौकट त्यांना थांबवते. वाचायला लावायचे असेल तर आधी थांबवायला हवे, ही जाण त्या नाव नसलेल्या पाथरवटाला होती. पोथीच्या पानाभोवती समास सोडतात तशी या खांबाने आपल्या चार बोटे मजकुराभोवती गोलाई सोडली आहे.

आज त्याच्याभोवती मंदिर आहे; बन्सी महाराज तांबे यांच्या पुढाकाराने ते उभे राहिले. एरवी देवळात खांब असतात ते छत पेलण्यासाठी, आणि छत असते ते देवाच्या डोक्यावर सावली धरण्यासाठी. इथे सारा क्रमच उलटला आहे. हा खांब काहीही पेलत नाही. त्याच्या माथ्यावरचे ओझे कधीच उतरले, तो निवृत्त झाला, आणि त्याच्यासाठी म्हणून दुसऱ्या खांबांनी छत पेलून धरले आहे. माणसे येतात, त्याच्यापाशी वाकतात, कपाळ टेकवतात, कोणी दोन्ही हातांनी त्याला कवेत घेतात. खांबाची उंचीही अशी की त्याच्याकडे मान वर करून पाहावे लागत नाही. ज्याला कवेत घेता येते त्याच्याविषयी माणसाला धाक वाटत नाही, माया वाटते. आणि ज्ञानेश्वरांना माउली म्हणणाऱ्यांना धाकाशी कधीच कर्तव्य नव्हते.

आता मधल्या चौकटीवरचा मजकूर. संस्कृतातल्या मोजक्या ओळी. ज्ञानेश्वरीच्या ओढीने आलेला वाचक तिथे गीतेचा एखादा श्लोक, निदान गुरुपरंपरेचे वंदन शोधू लागतो. तिथे यातले काही नाही. आरंभी करवीरेश्वराला नमन आहे, म्हणजे खांब मुळात शंकराच्या देवळातला. मग कोणी एक दाता सांगतो की, देवापुढच्या अखंड दिव्याच्या तेलासाठी आपल्या आजोबांनी पूर्वी जे दान लावून दिले, ते चंद्र-सूर्य आहेत तोवर दरमहा चालू राहावे. तेलाचा हिशेब आहे हा! पण किती गोड हिशेब आहे पाहा. एका मनुष्याला आपल्या आजोबांनी लावलेला दिवा विझू नये अशी काळजी आहे. त्यासाठी तो तेलाची मासिक सोय दगडावर लिहून ठेवतो आणि साक्षीला एकदम चंद्र-सूर्यांना बोलावतो. महिनाभराचे तेल आणि युगानुयुगांचे आकाश एकाच वाक्यात शेजारी बसवणे ही शिलालेखांची नेहमीचीच रीत आहे हे मला ठाऊक आहे. इथे मात्र ती नुसती रीत राहत नाही, कारण या खांबाला पुढे कोण टेकून बसले हे आपल्याला ठाऊक आहे.

दिवा हा ज्ञानेश्वरांचा किती आवडता! दुसऱ्या अध्यायात ते दिव्याची इवलीशी ज्योत दाखवतात आणि सांगतात की ती लहान म्हणून तिचे तेज लहान समजू नका, सद्बुद्धीचेही तसेच. नवव्या अध्यायात घरातला दिवा येतो. तो कुणाला अमुक कर म्हणत नाही, तमुक करू नको म्हणत नाही, कोण काय करतो याची त्याला खबरही नसते, आणि तरी घरातले सारे व्यवहार त्याच्याच आधाराने चालतात. परमेश्वर जगाच्या व्यवहारात असतो तो असा. दिव्याची ही तटस्थ, मायाळू हजेरी ज्याने टिपली तो पंधरा-सोळा वर्षांचा मुलगा होता, आणि त्याच्या पाठीमागे, दगडावर, दिव्याच्याच तेलाची तरतूद कोरलेली होती. अक्षरे आधीपासून तिथे होती असे धरले तर या योगायोगाला तोड नाही. कोण्या शिवभक्ताने आजोबांच्या दिव्यासाठी चंद्र-सूर्यांपर्यंतची मुदत मागितली. देऊळ पडले, तेल आटले, दानाची व्यवस्थाही कधीतरी मोडली असणार. आणि मागितलेली मुदत त्याला भलत्याच वाटेने मिळून गेली.

या ओळी संस्कृतात आहेत याच्याकडेही आपले लक्ष जायला हवे. मनातले चित्र असे होते: पाठीशी संस्कृत, ओठांवर मराठी. गीतेचे सातशे श्लोक मागे भक्कम उभे आहेत, त्यांना सैलसर पाठ टेकलेली आहे, आणि तोंड समोर बसलेल्या माणसांकडे आहे, त्यांच्या बोलीत. ज्ञानेश्वरीचे श्रोते हे काही शोभेचे श्रोते नव्हेत. नवव्या अध्यायाच्या आरंभी ज्ञानेश्वर त्यांच्याकडे फक्त लक्ष मागतात, तेवढे द्या म्हणजे सर्व सुखाचे अधिकारी व्हाल असे वचन देतात, आणि लगेच आपल्या या धीटपणाबद्दल लाडिकपणे क्षमाही मागतात. कुठे वर्णनाच्या भरात वाहवत गेले की स्वतःच भानावर येतात आणि फार लांबलो म्हणून श्रोत्यांची मनधरणी करतात. अशी सलगी उभ्याने, हात जोडून करता येत नाही. त्यासाठी बसावे लागते, आणि नुसते बसूनही भागत नाही, टेकून बसावे लागते. नऊ हजारांच्या घरात जाणाऱ्या ओव्यांचा तो ऐसपैस, घरगुती, न थकणारा सूर ऐकताना बोलणाऱ्याच्या पाठीला कसला तरी आधार असला पाहिजे असे आपल्याला मनोमन वाटते. परंपरेने त्या वाटण्याला एक दगड आणून दिला.

आणि इथे एक मौज आहे. ग्रंथ संपताना ज्ञानेश्वरांनी आपला पत्ता दिला आहे. पसायदान मागून झाल्यावर येणाऱ्या त्या ओव्या आपण बहुतेक वेळा वाचतच नाही. पसायदानापाशी सभा संपते, माणसे उठतात, चपला शोधू लागतात. पण त्या ओव्यांची चाल अतिशय रमणीय आहे. आधी युग सांगितले आहे, कलियुग. मग त्या युगातले महाराष्ट्रमंडळ. मग त्यातला गोदावरीचा काठ. मग त्या काठावरचे, तिन्ही लोकांत पवित्र असे पंचक्रोशीचे क्षेत्र, जिथे जगाच्या जीवनाचे सूत्र हाती धरणारी महालया नांदते. मग तिथला न्यायी राजा, यादवकुळातला रामचंद्र. आणि मग महेशाच्या परंपरेत जन्मलेल्या, निवृत्तिनाथांच्या पुत्राने, म्हणजे ज्ञानदेवाने, गीतेच्या अंगावर देशी दागिना घातला. पाहा, कशी वर्तुळे लहान लहान होत येतात! युगापासून निघालेली नजर देश, नदी, क्षेत्र, राजा, कुळ असे एकेक दार उघडत आत येते आणि एका मुलापाशी थांबते. आणखी एक दार उघडले असते तर तो मुलगा बसला होता ती जागा दिसली असती, त्याच्या पाठीमागचा दगड दिसला असता. पण ते दार ज्ञानेश्वरांनी उघडले नाही. ग्रंथ नावापाशी थांबला. पुढचे पाऊल लोकांनी टाकले.

म्हणजे ज्या पत्त्यात राजाचे नाव आहे त्यात खांबाचे नाही, आणि ज्या खांबावर तेलाचा हिशेब आहे त्याच्यावर ग्रंथाची एक मात्रा नाही. दोघे एकमेकांना ओळखतही नाहीत! कोणी वकिली बुद्धीचा मनुष्य म्हणेल, मग पुरावा कुठे आहे? त्याला उत्तर देण्याची घाई मला नाही. मला ही रिकामी जागाच मोहवते. ग्रंथाला खांब हवा होता आणि खांबाला ग्रंथ. या दोघांचे लग्न लावून देणारी माणसे कोण होती, केव्हा होती, कुठल्या सांजवेळी कोण कोणाला पहिल्यांदा म्हणाले की याच खांबाला माउली टेकली होती, याचा मागमूस उरलेला नाही. आपल्याला दिसतो तो फक्त त्यांचा अचूक रसिकपणा. अठराव्या अध्यायाच्या शेवटी वर्तुळे लहान होत येतात, त्यांच्या पुढचे सर्वांत लहान वर्तुळ कोणते असायला हवे हे त्यांनी बरोबर ओळखले आणि जमिनीवर ते दाखवून दिले. रसग्रहण याहून वेगळे काय असते?

पत्त्यात खांब नाही तशी आपली नदीही नाही. नेवासे प्रवरेवर वसलेले आहे. ओव्यांत नाव आहे ते गोदावरीचे. प्रवरेकाठच्या माणसाला हे वाचताना क्षणभर लागते, खोटे कशाला बोलू. पण ज्ञानेश्वर आपले गाव जगाला सांगत होते, आणि दूरच्या माणसाला पत्ता सांगताना आपण मोठ्या नदीचे नाव घेतो. बेलापूर स्थानकाची आठवण मी उगीच काढली नव्हती. प्रवरेची भरपाई तिच्या दुसऱ्या नावाने होते. तिला अमृतवाहिनी म्हणतात. नेवाशाचे दैवत मोहिनीराज. ओवीतली महालया ती हीच असे परंपरा मानते. विष्णूने मोहिनीचे रूप घेऊन देवांच्या पंगतीला अमृत वाढले ते याच भूमीवर, अशी इथली कथा आहे. आता सहाव्या अध्यायाची सुरुवात आठवा: आपली मराठी अमृताशी पैज लावून ती जिंकील अशी अक्षरे आपण जुळवू, असे ज्ञानेश्वर तिथे म्हणतात. ती प्रतिज्ञा आपण शाळेपासून ऐकत आलो, भाषणांत ऐकली, फलकांवर वाचली, आणि घासून घासून तिची धार बोथट केली. नेवाशात ती पुन्हा लखलखते. अमृत वाढणाऱ्या दैवताच्या गावात बसून, अमृतवाहिनीच्या काठावर, एक पोरसवदा वक्ता अमृतालाच पैजेचे आव्हान देतो, आणि समोर बसलेल्या गावकऱ्यांना त्यातली खोडी कळली असणार! गावच्या देवतेच्या हातातल्या भांड्याकडे पाहून केलेला तो विनोद आहे, आणि त्या विनोदात नमस्कारही आहे. जागेचा असा एक गुण असतो. ती वाक्याला त्याचा मूळ रंग परत देते. पुढे एकनाथांनी पैठणला शके 1506 मध्ये ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली आणि तिच्यात कुणी आपली ओवी घुसडू नये म्हणून ताकीद देऊन ठेवली, तेव्हा त्यांच्याही तोंडी अमृताच्या ताटाची आणि त्यात ठेवलेल्या नरोटीची उपमा आली. नेवाशाची पंगत नाथांपर्यंत पोचली होती म्हणायची.

पत्त्याच्या अगदी शेवटी साल येते: शके 1212, म्हणजे इसवी सन 1290. त्या ओवीत आणखी एक नाव आहे, लेखकाचे. सच्चिदानंदबाबांनी आदराने हे लिहून घेतले. या ओवीत ज्ञानेश्वर स्वतःविषयी ‘मी’ म्हणत नाहीत, ज्ञानेश्वराने टीका केली असे कोणी दुसराच सांगतो आहे अशी तिची धाटणी आहे. इतका वेळ निमूट चालणारा हात शेवटी एकदाच बोलला असे मला ती वाचताना वाटते, आणि विद्वानांनी काही म्हटले तरी मी हे वाटणे सोडणार नाही. या लेखकाची नेवाशात सांगितली जाणारी कथा सर्वांना ठाऊक आहे. हा गृहस्थ मरण पावलेला होता. सती निघालेली त्याची बायको ज्ञानेश्वरांच्या पाया पडली. त्यांनी नकळत सौभाग्याचा आशीर्वाद दिला, आणि मग तो खरा करण्यासाठी त्याला उठवले. चमत्काराच्या खरेखोटेपणात न शिरता आपण या कथेची रचना पाहू. बोललेले शब्द वाऱ्यावर जातात, म्हणजे एका अर्थाने ते बोलताक्षणी मरतात. त्यांना वाचवणारा माणूस स्वतः मरणातून परतलेला असावा, हे लोकप्रतिभेला किती सहज सुचले! ज्याला श्वास परत मिळाला त्याने दुसऱ्याचा श्वास कागदावर उतरवला. एका कथेने लेखक दिला, दुसऱ्या कथेने खांब दिला. ग्रंथाच्या पुढे हात आणि मागे आधार.

आपण बेलापूरचे, म्हणून इथे थोडे मागे, नदीच्या वरच्या अंगाला यायला हवे. याच शतकात, ज्ञानेश्वरीच्या थोडे आधी, मराठीतला आणखी एक मोठा ग्रंथ आकाराला येत होता. चक्रधरस्वामींच्या आठवणी म्हाइंभटांनी एकेका शिष्याला विचारून गोळा केल्या आणि लीळाचरित्र सिद्ध झाले. चक्रधरांचा वावर या गोदा-प्रवरेच्या पट्ट्यात पुष्कळ झाला. श्रीरामपूर तालुक्यातले कमालपूर म्हणजे लीळांमधले डोमेग्राम, आणि आपले बेलापूर म्हणजे बेलोपूर. स्वामी उत्तरापंथे निघून गेले त्या अखेरच्या पर्वाशी महानुभाव परंपरा बेलापूरचे नाव जोडते. या पंथाने आपल्या ग्रंथाभोवती जी वास्तू उभारली ती खांबाहूनही साधी आहे. ती म्हणजे ओटा. मूर्ती नाही, शिखर नाही. स्वामी जिथे बसले, जेवले, निजले तिथे एक नुसता चौथरा. आणि हे ओटे सापडावेत म्हणून एक स्वतंत्र ग्रंथ, मुनिव्यासांची स्थानपोथी. गावाच्या कोणत्या दिशेला देऊळ, देवळाचे तोंड कुठे, त्याच्या कोणत्या हाताला आसन, कुठे आरोगणा, कुठे पहुड, इतकेच काय, लघुशंकेला स्वामी कुठे बसत ती परिश्रयाची जागासुद्धा तिने टिपून ठेवली आहे. भक्तीने एवढी बारीक मोजपट्टी क्वचितच हाती घेतली असेल.

या दोन पद्धती शेजारी ठेवून पाहण्यात फार मजा आहे. महानुभावांनी जागा अचूक नोंदवल्या आणि ग्रंथ मात्र सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत बंद केले. विसाव्या शतकाच्या आरंभी राजवाड्यांसारख्या संशोधकांनी त्या लिपीची किल्ली शोधीपर्यंत बाहेरच्या माणसाला ती पोथी म्हणजे निव्वळ रेघोट्या होत्या. शतकानुशतके पोथीला कुलूप आणि ओटा उघड्यावर, येणाऱ्याजाणाऱ्याच्या दंडवताला मोकळा. वारकऱ्यांचे बरोबर उलट: पोथी घरोघर उघडी, चावडीवर, देवळात, पारावर उघडी, आणि बसण्याच्या नेमक्या जागेविषयी ग्रंथात काही नोंद नाही. महानुभावांचा संबंधी पाषाणही इथे आठवतो. ज्या दगडाला स्वामींचा स्पर्श झाला त्याचा तुकडा जपून ठेवायचा, त्याला वंदन करायचे. स्पर्शाने दगडात काही उतरते आणि ते पुढच्या स्पर्शाला मिळते, हा विश्वास दोन्हीकडे एकच. पंथांनी आपापसांत कितीही अंतर राखले असले तरी पाणी एकाच नदीचे प्यायले की असे होते.

दगडात तेज असते आणि ते बसणाऱ्याला मिळते ही कल्पना आपल्या कानांना नवी नाही. सिंहासनबत्तिशीतल्या त्या टेकाडावर गुराख्याचे पोर बसले की शहाण्यासारखा न्याय देऊ लागते, उतरले की पुन्हा गुराखी. खाली विक्रमाचे सिंहासन पुरलेले असते. नेवाशात या कथेचा ओघ उलटा वाहतो. सिंहासन बसणाऱ्याला मोठे करते. इथे बसणाऱ्याने खांबाला मोठे केले. देहूच्या गाथा मंदिरात तुकोबांचे हजारो अभंग भिंतींवर कोरले आहेत. पाण्यात बुडवलेल्या आणि तरलेल्या वह्यांच्या आठवणीला संगमरवराचे चोख उत्तर दिले आहे ते, आणि त्या भिंतींपुढे मान लवते. तरी मला नेवाशाचे मौन अधिक रुचते. भिंतीवर अभंग असला की आपण तो वाचतो आणि पुढे सरकतो. खांबावर ओवी नाही, म्हणून ती आपल्यालाच म्हणावी लागते. ज्याला दहा ओव्या पाठ त्याच्यासाठी खांब दहा ओव्यांचा, ज्याची अखंड पारायणे झाली त्याच्यासाठी तो अठरा अध्यायांचा, आणि ज्याला काहीच येत नाही त्याच्यासाठी तो गार दगड आहे, तोही उन्हातून आलेल्या कपाळाला वाईट नाही.

आमच्या भागात सप्ताह बसला की पहाटे काकडा, मग व्यासपीठावरून ज्ञानेश्वरीचे पारायण, दुपारच्या पेंगेला न जुमानता पहाऱ्याला उभा असलेला विणेकरी, संध्याकाळी हरिपाठ, रात्री कीर्तन, आणि शेवटी काल्याचे कीर्तन होऊन महाप्रसाद, असा सात दिवसांचा क्रम असतो. विणा खाली ठेवायची नाही. एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात जाताना दोघे एकमेकांच्या पाया पडतात. खांबावरच्या दात्याला हे दिसले असते तर त्याचा जीव थंडावला असता. अखंड दिव्यासाठी त्याने केलेली व्यवस्था आणि ही अखंड विण्याची व्यवस्था एकाच जातीची आहे. दुर्गाबाई भागवतांसारख्या विदुषीलाही या खांबाने खेचून घेतले. त्यांच्या 1970 च्या ललितलेखसंग्रहाला त्याचेच नाव आहे, आणि पुढच्याच वर्षी त्या पुस्तकाला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. एका बाजूला पारायणाला बसलेली गावची म्हातारी आणि दुसऱ्या बाजूला लोकसाहित्य कोळून प्यालेली बाई, दोघींनाही हा साडेचार फूट दगड पुरला.

आता एकच प्रश्न माझ्या मनात घोळतो आणि नेवाशाला गेले की तो सोबतच्यांना विचारल्यावाचून मला राहवत नाही: माउली खांबाच्या कोणत्या बाजूला बसली असेल? मुनिव्यास वारकरी असते तर त्यांनी दिशा, अंतर, खांबाची बाजू सगळे लिहून ठेवले असते आणि वादाला जागाच उरली नसती. बरे झाले नव्हते ते. एक जण म्हणतो पूर्वेला, कारण सकाळचे ऊन अंगावर यायला हवे. दुसरा म्हणतो नदीकडे तोंड करून, दुसरे काही संभवतच नाही. तिसरा, जरा शिकलेला, चौकटीवरच्या लेखाकडे बोट दाखवतो आणि म्हणतो की पाठ त्या अक्षरांनाच टेकली असणार, अर्थाच्या दृष्टीने तेच शोभते. मघाशी मीही संस्कृतला टेकलेल्या पाठीचे चित्र रंगवले, ते शोभते म्हणूनच. पण खरे विचाराल तर कोरलेली अक्षरे उघड्या पाठीला टोचतात. इतक्या ओव्या सांगणारा मुलगा गोल भागाला नाहीतर कोऱ्या बाजूलाच टेकला असेल, असे माझे मत आहे, आणि तिसऱ्या माणसाने ते अजून मान्य केलेले नाही.